इंडोनेशियातील तरुणांचे बोलणे, गाणे आणि बसणे

इंडोनेशिया म्हटले की आपल्या डोळ्यांपुढे काही ठरलेली चित्रे उभी राहतात. बोरोबुदूरचा स्तूप, बालीच्या नर्तिका, रामायणातील छायाबाहुल्या. "आपलेच हो सगळे, तिकडे गेलेले," असे म्हणून आपण समाधान पावतो आणि विषय तेथेच मिटतो. आज मी वाचकांना देवळांकडे नेणार नाही. तेथली तरुण पोरे काय बोलतात, काय गातात आणि संध्याकाळी कोठे जाऊन बसतात, एवढेच सांगणार आहे. हा काय इतिहासाचा विषय झाला, असे कोणी विचारील. त्याला उत्तर असे की, ज्या देशाची भाषाच मुळी विशीतल्या पोरांनी ठरवली, त्या देशात पोरांचे बोलणे हा इतिहासच असतो. तेथल्या प्रत्येक सरकारला हे पक्के ठाऊक असते. म्हणून तर पोरांच्या केसांवरून, गाण्यांवरून आणि कपड्यांवरून तेथे राज्यकर्त्यांची नजर सहसा हलत नाही.

ती भाषेची हकिगत आधी सांगतो. जकार्ता शहराला डच अमदानीत बताविया म्हणत. तेथे क्रामात राया या रस्त्यावर १०६ क्रमांकाच्या घरात विद्यार्थ्यांचे वसतिगृह होते. २७ आणि २८ ऑक्टोबर १९२८ या दोन दिवशी त्या शहरात तरुणांची परिषद भरली आणि तिची शेवटची बैठक या घरात झाली. जावा, सुमात्रा, अंबोन, सेलेबीस अशा निरनिराळ्या बेटांच्या तरुण संघटना तेथे आल्या होत्या. पुष्कळांना एकमेकांशी बोलायला डच भाषाच सोयीची होती, कारण शिक्षण तिच्यातच झालेले. त्या पोरांनी शपथ घेतली ती अशी की, आमची मायभूमी एक, आमचे राष्ट्र एक आणि आमची ऐक्याची भाषा इंडोनेशियन. राष्ट्राला त्यांचा शब्द 'बांग्सा', म्हणजे आपला 'वंश'. भाषेला 'बाहासा', ते तर सांगायलाच नको.

आता यातली गंमत पाहा. जावी भाषा बोलणारे लोक संख्येने निम्म्याच्या आसपास. त्या भाषेला जुने वाङ्मय, दरबारी डौल, सगळे काही. तरी पोरांनी ती घेतली नाही. त्यांनी घेतली मलायी, बंदरांत आणि बाजारांत चालणारी, कोणाचीच फारशी मिरासदारी नसलेली. जावीत समोरचा माणूस थोर की धाकटा यावर शब्द बदलतात. जेवणे, झोपणे, घर, प्रत्येकाला दोन-दोन, तीन-तीन शब्द. तोंड उघडण्यापूर्वी आपली पायरी कोणती हे ठरवावे लागते. मलायीत तेवढा जाच नाही. बहुसंख्यांनी आपली भाषा बाजूला ठेवून दुसरी उचलली, अशी उदाहरणे जगात फार थोडी असतील. आपल्याकडे भाषावार प्रांतांसाठी काय काय झाले ते आठवा, म्हणजे या गोष्टीचे मोल ध्यानात येईल. त्याच बैठकीत सुप्रात्मान नावाच्या तरुण पत्रकाराने व्हायोलिनवर एक चाल वाजवली. शब्द गाइले नाहीत, कारण डच पोलीस हजर होते. तीच चाल पुढे राष्ट्रगीताची झाली.

तेव्हापासून त्या देशात 'पेमुदा' या शब्दाला वेगळेच वजन आले. शब्दाचा अर्थ नुसता तरुण. पण ऑगस्ट १९४५ मध्ये जपान शरण गेल्यावर सुकार्नो आणि हट्टा ही वडीलधारी मंडळी जरा थांबून पाहू म्हणत होती, तेव्हा पेमुदांनी १६ तारखेच्या पहाटे दोघांनाही उचलून रेंगासडेंगक्लोक या गावी नेऊन ठेवले. दुसऱ्या दिवशी, १७ ऑगस्टला, स्वातंत्र्याची घोषणा झाली. पुढाऱ्यांना पोरांनी पळवून नेले आणि देश स्वतंत्र झाला! ही गोष्ट तेथल्या शाळकरी मुलांना पाठ असते.

हेच सुकार्नो पुढे पोरांच्या गाण्यांवर उखडले. १७ ऑगस्ट १९५९ च्या भाषणात त्यांनी तरुणांना विचारले की, साम्राज्यशाहीशी लढणारी तुम्ही मुले, आणि हे रॉक अँड रोल, हे चा-चा-चा कसले करता? असल्या संगीताला पुढे 'ङाक-ङिक-ङोक' हे थट्टेचे नावच पडले. त्याच वर्षी सरकारी नभोवाणीवरून असली गाणी बंद झाली. हसू नका. आपल्या नभोवाणीवरूनही १९५२ च्या सुमारास सिनेसंगीत हद्दपार झाले होते, आणि ते करणारे मंत्री डॉ. बाळकृष्ण केसकर आपलेच, पुण्याचे. लोकांनी सिलोन लावले. शेवटी १९५७ साली विविध भारती काढावी लागली. इंडोनेशियातली पोरेही परदेशी केंद्रे लावून कान देऊन ऐकू लागली. सुकार्नोंनी पर्याय म्हणून 'लेन्सो' या नृत्याचा प्रसार केला. १९६५ साली त्याची ध्वनिमुद्रिका निघाली आणि तिच्यातल्या एका गाण्याचे श्रेय खुद्द राष्ट्राध्यक्षांच्या नावावर होते. पण हुकमाने कोणी ताल धरतो का?

पूर्व जावातील तुबान गावचे चौघे भाऊ होते. त्यांच्या वाद्यवृंदाचे नाव 'कुस बर्सौदारा', म्हणजे कुस भावंडे. त्या 'सौदारा'त आपला 'सोदर' लपलेला आहे. १९६५ साली त्यांनी कोणाच्या घरच्या समारंभात बीटल्सचे गाणे वाजवले आणि २९ जूनला चौघांची रवानगी जकार्ताच्या ग्लोदोक तुरुंगात झाली. गुन्हा काय, तर परकी ढंगाचे गाणे. तीन महिने आत काढून २९ सप्टेंबरला ते सुटले.

दुसऱ्याच रात्री जकार्तात सहा सेनापती मारले गेले आणि देशाचे दैव फिरले. कम्युनिस्टांच्या आणि कम्युनिस्ट ठरवलेल्यांच्या त्या कत्तलीत निदान पाच लाख माणसे गेली असावीत. तिच्यात सैन्याबरोबर तरुणांच्या संघटनांचेही हात होते. पेमुदा शब्दाची थोरवी सांगताना हे गाळून चालणार नाही. १९६६ च्या जानेवारीत विद्यार्थी रस्त्यावर आले, स्वस्ताई मागू लागले, सुकार्नोंविरुद्ध उभे राहिले. विद्यार्थ्याला तेथे 'महासिस्वा' म्हणतात, म्हणजे महाशिष्य. या महाशिष्यांच्या खांद्यावरून चालत सेनापती सुहार्तो सत्तेवर गेले आणि बत्तीस वर्षे राहिले. कुस भावंडांनी १९६७ साली तुरुंगातल्या आठवणींची गाणी काढली. ध्वनिमुद्रिकेच्या नावात त्यांनी स्वतःला 'तथाकथित गुन्हेगार' म्हणवून घेतले. 

या चळवळीतला एक तरुण मला फार आवडतो, म्हणून जरा थांबतो. सू होक गी हे त्याचे नाव. चिनी वंशाचा, इतिहासाचा विद्यार्थी. तो सुकार्नोंविरुद्ध लढला, पण नवे सरकार आल्यावर त्याच्या मोर्चातले सोबती आमदारकी आणि मोटारी घेऊ लागले तेव्हा त्यांच्यावरही तुटून पडला. कत्तलीविरुद्ध लिहिणाऱ्या थोड्यांपैकी तो एक होता. विद्यापीठात त्याने गिर्यारोहकांचे मंडळ काढले. १६ डिसेंबर १९६९ रोजी सेमेरू या ज्वालामुखी डोंगरावर विषारी वायूने तो गेला, सत्ताविसावा वाढदिवस एका दिवसावर आला असताना. त्याची रोजनिशी १९८३ साली छापली गेली, २००५ साली चित्रपट निघाला. आज इंडोनेशियातील मुले पाठीवर पिशव्या टाकून डोंगर चढतात, त्या वेडाच्या मुळाशी तोही आहे. आपल्याकडच्या सह्याद्रीतल्या भटक्यांना हा गडी नक्की आपला वाटेल.

सुहार्तोंच्या राज्यात रॉक चालले. डीप पर्पल हा इंग्रजी वाद्यवृंद डिसेंबर १९७५ मध्ये जकार्तात येऊन गाऊन गेला. गाणे चालले, पण केस चालेनात. रस्त्यात अडवून पोरांचे लांब केस कापण्याचा सपाटा आधीच सुरू झाला होता. ऑक्टोबर १९७० मध्ये बांडुंगला अशाच मोहिमेनंतर तंत्रशिक्षण संस्थेचे विद्यार्थी आणि पोलीस छात्र यांच्यात चेंडूचा सामना झाला, सामन्यात मारामारी झाली आणि एक विद्यार्थी गोळीने मेला. केसांपायी एका घरचा मुलगा गेला! तरी १९७३ साली एका बड्या सेनापतीने दूरचित्रवाणीवर सांगितले की, लांब केसांनी तरुण बेफिकीर होतात. उत्तर सुमात्रात तर केशनिर्मूलनासाठी सरकारी समिती नेमली गेली. बेफिकीर म्हणवल्या गेलेल्या याच विद्यार्थ्यांनी जानेवारी १९७४ मध्ये जकार्तात मोठी निदर्शने केली. मग १९७८ साली महाविद्यालयांतले राजकारणच बंद करून टाकण्यात आले.

येथे एक शब्द मागे पडला आणि दुसरा पुढे आला. पेमुदा म्हणजे लढणारा तरुण. त्याच्या जागी 'रेमाजा' आला, म्हणजे किशोर, ज्याने शाळेत जावे, गाणी ऐकावी, वस्तू विकत घ्याव्या आणि घरी यावे. रेमाजांसाठी मासिके निघाली. नभोवाणी केंद्रही निघाले. जकार्ताच्या मेंतेंग या सुखवस्तू भागातल्या पोरांनी १९७१ साली 'प्रांबोर्स' सुरू केले. आसपासच्या रस्त्यांची नावे प्रांबानान, मेंदुत, बोरोबुदूर. त्यांची आद्याक्षरे जुळवून हे नाव झाले. देवळांकडे नेणार नाही म्हणालो होतो, ती अशी परत आली! याच केंद्राच्या श्रुतिकेतला 'बॉय' हा श्रीमंत, देखणा आणि तरीही नमाजी नायक १९८७ साली पडद्यावर गेला. 'हाय' मासिकातून हिल्मान हरिविजाया यांचा लूपुस आला, तोंडात च्युइंगगमचा फुगा आणि कोट्या करीत फिरणारा शाळकरी. राजकारणाचे नाव नाही.

पण वाचकहो, पोरांचे तोंड बंद केले की ती जीभ दुसरीकडे वळवतात. मघाशी जी भाषा पोरांनी देशाला दिली म्हटले, ती आता सरकारची झाली होती. 'चांगली आणि शुद्ध इंडोनेशियन बोला,' अशा पाट्या लागल्या. (स्वतः सुहार्तो 'कान' या प्रत्ययाचा उच्चार जावी ढंगाने 'केन' असा करीत, पण त्यांना कोण सांगणार?) तेव्हा पोरांनी गुंडांची बोली उचलली. तिचे नाव 'प्रोकेम'. रीत सोपी. शब्दाची शेपटी तोडायची आणि पोटात 'ओक' घालायचा. गुंडाला 'प्रेमान' म्हणतात, त्याचे झाले 'प्रोकेम'. बाप म्हणजे 'बापाक', त्याचा झाला 'बोकाप'. आपल्या लहानपणीची 'च'ची भाषा आठवते ना? 'मला'चे 'चलाम' करायचे आणि आईला कळू द्यायचे नाही, तीच ही विद्या. मालांग गावची पोरे तर शब्द सरळ उलटाच करतात. 'मालांग'चे 'ङालाम'. चवदार म्हणजे 'एनाक', त्याचे 'काने'. डच हेरांना चकवण्यासाठी ही बोली निघाली असे तेथले लोक अभिमानाने सांगतात.

१९८८ साली या बोलीचा कोश छापून निघाला. आणि योग असा की त्याच वर्षी, शपथेला साठ वर्षे झाली त्या २८ ऑक्टोबरला, प्रमाण भाषेच्या मोठ्या सरकारी कोशाची पहिली आवृत्ती प्रकाशित झाली. एक कोश शपथेचा आणि एक शपथेच्या नातवंडांचा. आज 'बोकाप' म्हणण्यात कोणाला काही चोरटे वाटत नाही. नव्या पोरांनी नवे शब्द काढले. 'मागेर' म्हणजे हलायचा कंटाळा, 'बापेर' म्हणजे जरा काही झाले की मनाला लावून घेणारा. दक्षिण जकार्तातली मुले वाक्यावाक्याला 'लिटरली' आणि 'विच इज' घालतात व बाकीचा देश त्यांची नक्कल करून हसतो. पुण्यामुंबईच्या वाचकांना हे चित्र अपरिचित नसावे.

मेंतेंगच्या पोरांविषयी एवढे बोललो, पण सगळी पोरे काही मेंतेंगात राहत नव्हती. गल्ल्यांतल्या, वस्त्यांतल्या पोरांचे गाणे निराळे, आणि येथे आपला, म्हणजे मुंबईचा, खरा संबंध येतो. पन्नाशीपासून मुंबईचे हिंदी बोलपट तेथे धो धो चालत. त्यांच्या चाली उचलून मलायी शब्द घातले जात. एल्या या गायिकेचे 'भारतातली बाहुली' अशा अर्थाचे गाणे त्यातलेच. या मिश्रणातून 'डांगडुट' जन्मले. हे नाव म्हणजे नुसता तालवाद्याचा बोल आहे, डांग आणि डुट. सुशिक्षित लोक त्याला नाके मुरडीत, 'काम्पुंगान' म्हणत, आपल्या भाषेत गावंढळ. तासिकमालायाच्या रोमा इरामा यांनी १९७० नंतर त्यात विजेची गिटार आणली आणि धर्मोपदेश घातला. विरोधी पक्षाच्या बाजूने उभे राहिले म्हणून काही वर्षे सरकारी दूरचित्रवाणीला ते वर्ज्य होते. मुंबईची चाल, इंग्रजी गिटार, अरबी उपदेश आणि मलायी शब्द, असे ते गाणे. शुद्धतेचा आग्रह धरणाऱ्यांनी कपाळावर हात मारावा. मला मात्र त्यात १९२८ च्या बैठकीचीच रीत दिसते.

१९९८ साली पेमुदा परतला. १२ मे रोजी जकार्ताच्या त्रिसक्ती विद्यापीठातले चार विद्यार्थी गोळीबारात ठार झाले, पाठोपाठ शहरात दंगली आणि जाळपोळ झाली, विद्यार्थ्यांनी संसदभवनाच्या छपरावर ठाण मांडले आणि २१ मे रोजी सुहार्तो पायउतार झाले. चार वर्षांनी 'चिंताला काय झाले' या नावाचा बोलपट निघाला आणि सारा देश त्याच्यामागे लागला. चिंता हे नायिकेचे नाव. आपल्या संस्कृतातली 'चिंता' समुद्र ओलांडून गेली आणि तेथे तिचा अर्थ झाला 'प्रेम'! अनुभवी माणसांना हा अर्थबदल फारसा चमत्कारिक वाटणार नाही.

मुलींच्या डोक्यावरच्या रुमालाची गोष्टही याच पठडीतली आहे. १९८२ च्या गणवेश-नियमांनंतर सरकारी शाळांत 'जिल्बाब' घालून येणाऱ्या मुलींना घरी पाठवीत. तेव्हा तो घालणे हे बंड होते. १९९१ साली परवानगी मिळाली. पुढे तो वाढला, रंगीत झाला, त्याची दुकाने आणि प्रदर्शने झाली. आता काही ठिकाणी तो न घालणाऱ्या मुलीवरच शाळेत दडपण येऊ लागले. पश्चिम जावात गारुत म्हणून भाग आहे. तेथल्या तीन शाळकरी मुलींनी २०१४ साली 'व्हॉइस ऑफ बाचेप्रोत' हा वाद्यवृंद काढला. डोक्यावर जिल्बाब आणि हातात कर्कश विजेची गिटार. बाचेप्रोत म्हणजे सुंदानी भाषेत गोंगाट. रुमालवाल्यांनी नावे ठेवली, गिटारवाल्यांनी आश्चर्य केले. २०२४ साली त्या इंग्लंडमधल्या ग्लास्टनबरीच्या उत्सवात वाजवून आल्या. याच देशात, आचे प्रांतात, डिसेंबर २०११ मध्ये साठाहून अधिक पंक पोरापोरींना पकडून, डोकी भादरून 'सुधारणेसाठी' पोलीस शाळेत धाडले होते, हेही सांगून ठेवतो.

आता बसण्याविषयी. 'नोंगक्रोंग' असे क्रियापद आहे. मूळ अर्थ उकिडवे बसणे. रूढ अर्थ, चार मित्रांनी काही न करता तासन् तास बसणे. आपला कट्टा, आपला नाका, आपला पार. योग्याकार्ता शहरात यासाठी 'आंगक्रिंगान' नावाच्या हातगाड्या असतात. गोड चहा आणि केळीच्या पानातला मूठभर भात. भात इतका थोडका की त्याला 'मांजराचा भात' म्हणतात. २०१५ नंतर शहरोशहरी थंड कॉफीची दुकाने झाली. कॉफीत दूध आणि ताडाचा गूळ. शंभर-दीडशे वर्षांपूर्वी जावातल्या शेतकऱ्याकडून डचांनी सक्तीने कॉफी लावून घेतली आणि चांगला माल परदेशी नेला. त्याची पतवंडे आता तीच कॉफी चवीने पितात, दाम मोजून. मला यात काही वाईट दिसत नाही.

पण ज्यांना ते दाम परवडत नाहीत त्यांनी कोठे बसावे? २०२२ च्या जुलैत याचे उत्तर मिळाले. जकार्ताच्या दक्षिणेला चितायाम, बोजोंगगडे, देपोक ही उपनगरे आहेत, आपल्या कल्याण-विरारसारखी. तेथली गरीब घरची पोरे लोकल गाडीने सुदीरमान रस्त्यावरच्या दुकू आतास या झकपक भागात येऊ लागली. उंच इमारती, रुंद पदपथ, बसायला फुकट. अंगावर स्वस्तातले पण मोठ्या हौसेने जुळवलेले कपडे. रस्ता ओलांडायच्या पांढऱ्या पट्ट्यांवरून ती ऐटीत चालू लागली, जणू पॅरिसचे वेशप्रदर्शनच. त्याच रस्त्यावरच्या एका व्यापारी पेठेचे इंग्रजी लघुनाम एस-सी-बी-डी. पोरांनी त्याचा नवा अर्थ लावला, सुदीरमान, चितायाम, बोजोंगगडे, देपोक! बघ्यांची गर्दी उसळली, पुढारी येऊन फोटो काढून गेले, एका धनाढ्य कलावंताच्या कंपनीने तर ते नाव स्वतःच्या मालकीचे करण्यासाठी अर्ज केला आणि लोक खवळल्यावर मागे घेतला. मग वाहतुकीला अडथळा होतो म्हणून पोलिसांनी पोरांना उठवले. महिन्या-दीड महिन्यात खेळ आटोपला. शहराच्या मध्यभागी बसायचा हक्क कोणाचा, हा प्रश्न मात्र पोरांनी कोणतीही घोषणा न देता विचारून ठेवला.

फेब्रुवारी २०२५ मध्ये हे सगळे धागे पुन्हा एकत्र आले. नोकऱ्यांच्या चणचणीने तरुणांत 'आधी देश सोडून सटकू या' हे वाक्य बोकाळले होते. विद्यार्थी काळे कपडे घालून 'अंधारा इंडोनेशिया' म्हणत रस्त्यावर आले होते. त्याच दिवसांत मध्य जावातल्या पुर्बालिंग्गा गावचा 'सुकातानी' हा दोघांचा पंक वाद्यवृंद गाजत होता. एक तरुण, एक तरुणी, नेहमी चेहरे झाकून गाणारे. प्रेक्षकांना भाजी वाटायची त्यांची पद्धत. पोलिसांकडे कोणतेही काम असो, पैसे मोजावेच लागतात, अशा आशयाचे त्यांचे गाणे होते. २० फेब्रुवारीला दोघे मुखवटे काढून, नावे सांगून, चित्रफितीत दिसले. पोलीस दलाची क्षमा मागितली आणि गाणे मागे घेत आहोत असे म्हणाले. ग्लोदोकच्या तुरुंगाला तेव्हा साठ वर्षे होत आली होती. पुढे पोलीसप्रमुखांनी त्यांना पोलिसांचे सदिच्छादूत होण्याचे आमंत्रण दिले, ते त्यांनी नम्रपणे नाकारले.

गाणे दुकानांतून आणि दूरध्वनीसंचांतून उतरवले गेले. दुसऱ्या दिवशी जकार्ताच्या मोर्चात विद्यार्थ्यांना ते तोंडपाठ होते.